पंचमीचा मुराळी

आमच्या माहेरी, जयसिंगपूरकडं, पाऊस म्हणजे पाहुणा. आला तर आला. काळी सपाट रानं आणि नजर पोचेल तिथवर आभाळ. तिथून मला दिली ती थेट गगनबावड्याच्या डोंगरात. लग्न उन्हाळ्यात झालं, त्यामुळं वडिलांना तिथली गार सावली तेवढी दिसली. मृगाच्या आधी पाऊस अडवायला घराला चहूबाजूंनी गवताच्या झडी बांधल्या की आत भर दिवसा अंधार. ओली लाकडं, डोळ्यांत धूर, अंगावर दमट लुगडं. जीव नुसता कोंडायचा. मी भांडी आपटायची, तर सासूबाई म्हणायच्या, "आपट बाई, भिऊन पाऊस थांबंल."

आशा एकच, पंचमीला माहेरी जायची. पण सून आपण होऊन निघत नाही. माहेरचा मुराळी दारात यावा, त्यानं सासूकडं तिला मागावं, मग तिनं उंबरा ओलांडावा.

धाकटा भाऊ मुराळी म्हणून आला. तालमीतला गडी, पण छत्रीसुद्धा न घेता निघालेला! "आमच्याकडं ऊन हाय की," म्हणाला. तो नदी उतरून आला आणि मागं नदी फुगली. वाट बंद. तो सासूबाईंशी बोलायला लागला, तोवर त्याच म्हणाल्या, "पावणं, पाणी उतरंस्तवर बसा निवांत. जाताना बोलू."

बसला बापडा. नाचणीची भाकरी त्याच्या घशाखाली उतरेना, भातानं पोट भरेना. सारखा दारात जाऊन बाहेर बघायचा. "आक्का, ही माणसं वाळत्यात तरी कवा?" मी पोट धरून हसले. लग्नानंतर पहिल्यांदाच. पंचमी तशीच गेली, पण मला आता झोके नकोच होते. अंगणभर ऊन हवं होतं. बोचकं मी केव्हाच बांधून ठेवलं होतं.

एके सकाळी पाणी उतरल्याची हाळी आली. भावानं ओल्याच वहाणा पायांत सरकवल्या आणि सासूबाईंच्या पाया पडला. त्या कुंकवाचा करंडा घेऊन उभ्या. मी बोचकं काखेला मारून त्यांच्या मागं.

"निघालासा?"

"व्हय, पाणी परत चढायच्या आत नदी गाठतो की!"

आणि गडी निघाला. मला मागायचं विसरला. पळतच उतार उतरला, एकदाही वळला नाही. मला राग आला, पण त्याहून जास्त हेवा वाटला. त्याला पळता येत होतं.

सासूबाईंनी करंड्याचं झाकण लावलं. म्हणाल्या, "मागितलं असतं तर धाडली असती गं."