बाय कॅम्पातच राहिली

हल्ली वादळाच्या आधी त्याचं नाव येतं. टीव्हीवर नकाशा दिसतो, समुद्रावर एक पांढरी भिंगरी फिरत असते आणि निवेदिका सांगते, अमुक नावाचं वादळ परवा किनाऱ्याला लागणार. नातवंडं ते नाव लगेच पाठ करतात. आमच्या वेळी असं काही नव्हतं. फाळणीच्या दुसऱ्या वर्षी, दिवाळी उलटून गेल्यावर, भात कापून खळ्यावर आलेलं असताना ते वादळ आलं. त्याला नाव नव्हतं. ते येतंय, हेही आमच्या गावात कोणाला ठाऊक नव्हतं. सासूबाई त्याला वावधण म्हणाल्या, कॅम्पातले लोक तुफान म्हणत. आमच्या घरात मात्र पुढं ते वेगळ्याच नावानं ओळखलं गेलं. बाय कॅम्पात राहिली ते वावधण.

बाय म्हणजे माझी धाकटी नणंद. घरात सगळे तिला बाय म्हणत. मी लग्न होऊन बदलापूरजवळच्या त्या गावात आले तेव्हा आम्ही दोघी जवळपास एकाच वयाच्या होतो. सासरे नव्हते. सासूबाई, माझे मालक, बाय आणि मी, एवढंच घर. कारवीच्या कुडाच्या भिंती, वर कौलं, मागं गोठा. बायचं लग्न वांगणीकडच्या एका घरी ठरलं होतं. साखरपुडा झाला होता, माघात लग्न होतं.

तेव्हा अंबरनाथच्या पुढं, लष्कराच्या रिकाम्या बराकींत, सिंधमधून आलेली माणसं येऊन राहिली होती. आज तिथं उल्हासनगर आहे, तेव्हा आम्ही नुसतं कॅम्प म्हणायचो. आमच्या गावच्या बायका सकाळच्या गाडीनं अंबरनाथला उतरायच्या आणि तिथून चालत कॅम्पात जाऊन भाजी विकायच्या. बाय शेजारच्या काकूंबरोबर जायची. तिला ते फार आवडायचं. संध्याकाळी येऊन ती मला तिकडच्या बायकांच्या चालीनं बोलून दाखवायची आणि आम्ही चुलीपाशी तोंड दाबून हसायचो.

त्या दिवशी सकाळपासून आभाळ भरलं होतं. सासूबाई ओटीवर उभ्या राहून म्हणाल्या, "आज नको जाऊस बाय. कार्तिकात असं आभाळ मी नाय बघितलं कधी."

"मुळे उपटून ठेवलेत आये. राहिले तर पिवळे पडतील," बाय म्हणाली. टोपली डोक्यावर घेतली आणि गेली. हिरवं लुगडं नेसली होती. मला आठवतं, कारण पुढचे दोन दिवस तेवढंच एक वर्णन आम्ही सगळ्यांना सांगत होतो.

वारा सुटला तो आधी कोणाला भीती वाटावी असा नव्हता. खळ्यावर झोडणी चालली होती. मालक म्हणाले, बरं झालं, भातातलं पोल, पोचट दाणे, आपोआप उडतील. मग पाऊस आला, आडवा, तोंडावर खडे मारल्यासारखा. आम्ही भाताचे भारे उचलून घरात आणायला लागलो. एक भारा आणेपर्यंत दुसरा हातातून जायचा. मी एक भारा पोटाशी धरून पळत होते, तर वाऱ्यानं मला भाऱ्यासकट गोल फिरवून चिखलात बसवलं.  वारा माणसाला असं उचलून ठेवू शकतो, हे मला माहीत नव्हतं.

दुपारी शेजारच्या काकू आल्या. एकट्या. डोक्यावर टोपली नाही, केस सुटलेले, दात वाजत होते. अंबरनाथला उतरल्यावर आभाळाचा रंग बघूनच त्या माघारी फिरल्या होत्या. परतीची गाडी कशीबशी बदलापूरपर्यंत आली आणि तिथंच थांबली.

"बाय कुठाय?" सासूबाईंनी विचारलं.

"मी सांगितलं तिला, चल माघारी. नाय ऐकलं. म्हणाली, पटकन विकून येते. ती पुढं गेली गो, कॅम्पात."

सासूबाईंनी पदर खोचला. तशाच निघाल्या, स्टेशनच्या वाटेनं. मालकांनी त्यांना वाटेवरच्या मोठ्या आंब्यापाशी गाठून अक्षरशः उचलून परत आणलं. तेवढ्यात तो आंबा आमच्या डोळ्यांदेखत मुळासकट आडवा झाला. आवाजसुद्धा आला नाही. वाऱ्याचाच आवाज इतका होता की झाड पडलेलं नुसतं दिसलं.

मालकांनी गोठ्यातले बैल सोडून दिले. बैलांचे कासरे घेऊन त्यांनी घराचे वासे जमिनीत पुरलेल्या उखळाला बांधले. आम्ही तिघं आत बसलो. कौलं एकेक करून जात होती, पत्त्यांसारखी. कुडाची भिंत आत यायची, बाहेर जायची, जणू घराला धाप लागली होती. वासे करकरत होते. मग छपराचं आढं उचललं गेलं. म्हणजे खरोखर उचललं गेलं, मला त्या फटीतून आभाळ दिसलं, आणि ते परत खाली बसलं. मालक ओरडले, "बाहेर! बाहेर पडा!"

मी उंबऱ्याला धरून बसले. बाहेर जायची माझी छाती होईना. आत मरण दिसत होतं, तरी ते ओळखीचं वाटत होतं. सासूबाईंनी माझ्या दंडाला धरून मला ओढलं आणि आम्ही शेतात उतरलो. तिथं मोठ्या बांधाच्या आडोशाला त्यांनी मला पालथं पाडलं, स्वतः माझ्या अंगावर आडव्या झाल्या. मालक आमच्या दोघींचे हात धरून पडले. तोंडात चिखल, अंगाखाली भाताचे खुंट टोचत होते. थोड्या वेळानं आमच्यावरून काहीतरी मोठं, काळं, फडफडत गेलं. ते आमचं छप्पर होतं.

सासूबाई माझ्या कानाशी एकच गोष्ट ओरडत होत्या, "बाय गो! बाय!" मला वाटलं त्यांना माझ्यात आणि बायमध्ये फरक कळत नाहीये. त्या मुलीलाच अंगाखाली घेऊन पडल्या होत्या.

दिवस मावळता मावळता जोर ओसरला. ती रात्र आम्ही पाटलांच्या दगडी घरात काढली. अर्धं गाव तिथं दाटीनं बसलं होतं. कोणी रडत नव्हतं. वारा परत सुटतोय का, याकडं सगळ्यांचे कान लागले होते.

उजाडताच मालक बायला शोधायला गेले. गाड्या बंद होत्या. रुळांवर झाडं पडली होती, तारा लोंबत होत्या. ते रुळांच्या कडेनं चालत गेले. आम्ही दोघी पडलेल्या घराच्या ढिगाऱ्यातून भांडी काढत राहिलो. खळ्यावर भाताची एक काडी उरली नव्हती. वर्षाचं धान्य गेलं, पण त्या दिवशी सासूबाईंनी त्याकडं बघितलंही नाही. दर थोड्या वेळानं त्या वाटेवर जाऊन उभ्या राहायच्या.

मालक संध्याकाळी परत आले. एकटे. सासूबाई धावत सामोऱ्या गेल्या आणि त्यांचं तोंड बघून थांबल्या.

"काय रे?"

"कॅम्पात बराकींवर छप्परं नायत आये. पत्रे लांब लांब जाऊन पडलेत. माणसं उघड्यावर बसलीत. मी सगळ्यांना विचारलं, हिरव्या लुगड्यातली पोरगी बघितली का. कोणी नाय सांगितलं."

"मेलेली माणसं…" सासूबाईंना पुढं बोलवेना.

"बघितली," मालक म्हणाले. "त्यात नाय ती."

त्यापलीकडं त्यांनी काही सांगितलं नाही, त्या दिवशी नाही आणि नंतरही नाही. मात्र त्या रात्री ते जेवले नाहीत. मी पुढं केलेलं ताट त्यांनी तसंच माझ्याकडं सरकवलं.

दुसऱ्या दिवशी ऊन पडलं होतं. असं स्वच्छ ऊन की त्याचाच राग यावा. मी विहिरीवर होते. वाटेनं एक म्हातारा येताना दिसला, डोक्याला पागोट्यासारखं फडकं गुंडाळलेलं, आणि त्याच्या मागं सलवार-खमीस घातलेली, डोक्यावरून ओढणी घेतलेली एक मुलगी. मला वाटलं, कॅम्पातली कोणी बाई मदत मागायला आली असेल. ती जवळ आली आणि म्हणाली, "वैनी."

मी घागर टाकून दिली.

बाय तापानं फणफणली होती. कपाळावर खोक, त्यावर हळद भरलेली. सासूबाईंनी तिला धरलं ते सोडेचनात. म्हातारा लांब उभा राहून हिंदीत मालकांना सांगत होता, "बच्ची बीमार है. हमारी घरवाली ने संभाला. कल आप आए होंगे, ये तो रजई के नीचे पड़ी थी." त्याला आम्ही पाणी दिलं. द्यायला दुसरं काही नव्हतंच.

बायनं मला सगळं सांगितलं, पण एकदम नाही. तुकड्यातुकड्यानं, बरेच दिवस. वारा वाढला तेव्हा ती एका बराकीच्या दाराशी मुळे मोजून देत होती. आतल्या म्हातारीनं तिला हाताला धरून आत ओढलं. बराकीत गोणपाटाचे आडपडदे लावून बरीच कुटुंबं राहत होती. आधी ते पडदे उडाले. मग पत्रे. शेवटी एका बाजूची भिंत बसली. म्हातारी, तिची सून आणि बाय खाटेखाली शिरल्या होत्या. समोरच्या कुटुंबातला माणूस मुलाला आणायला उठला आणि एक पत्रा आत आला.

"मग?" मी विचारलं होतं.

"मग काय नाय वैनी," ती म्हणाली आणि भिंतीकडं तोंड करून झोपली.

तिचं लुगडं म्हातारीनं फाडून जखमा बांधायला वापरलं होतं. म्हणून सुनेचे कपडे तिच्या अंगावर घातले. मालकांनी हिरव्या लुगड्याबद्दल विचारलं तेव्हा ते लुगडं राहिलंच नव्हतं.

आम्हाला वाटलं, संकट टळलं. ते टळलं नव्हतं. गावात आठवड्याभरात कुजबुज सुरू झाली. लग्न ठरलेली पोर दोन रात्री निर्वासितांच्या बराकीत होती, त्यांच्या कपड्यांत परत आली. विहिरीवर मी गेले की बायका बोलायच्या थांबायच्या. आता मला वाऱ्याहून त्या थांबण्याची भीती वाटायला लागली. एक दिवस वांगणीहून मध्यस्थ आला. घराची एक खोली तेवढी उभी केली होती, ओटी अजून नव्हती, म्हणून त्याला पडलेल्या वाशावर बसवलं.

तो म्हणाला, "मुलगा यंदा लग्न करायचं नाय म्हणतो."

"यंदा नाय, की आमच्या पोरीशी नाय?" सासूबाईंनी विचारलं.

तो टोपी काढून तिचा काठ चाचपायला लागला. सासूबाई आत गेल्या, साखरपुड्याचं लुगडं आणून त्याच्या मांडीवर ठेवलं आणि म्हणाल्या, "पाणी पिऊन जा." मग त्यांनी मडक्यातलं पाणी दिलं. तो गेल्यावर मात्र त्या गोठ्याच्या जागी जाऊन बसल्या. मी जवळ गेले तर म्हणाल्या, "माझ्या डोळ्यांपुढं ती म्हातारी होईल गो अशीच. कोण घेईल तिला?"

बाय घराबाहेर पडेनाशी झाली. पानं सळसळली तरी चेहरा पांढरा पडायचा. तिनं खाणं सोडलं होतं. एका सकाळी सासूबाईंनी टोपलीत वांगी भरली आणि तिला म्हणाल्या, "ऊठ. कॅम्पात जायचंय."

"मी नाय जाणार आये."

"मी येते. ही पण येईल." म्हणजे मी. मला कोणी विचारलंच नव्हतं. पण गेले.

बराकींवर ताडपत्र्या टाकल्या होत्या. भिंती तशाच अर्ध्या. त्या म्हातारीनं बायला लांबूनच ओळखलं आणि तिच्या भाषेत काहीतरी ओरडत आली. सासूबाई आणि ती, दोघींना एकमेकींच्या बोलण्यातलं अक्षर कळत नव्हतं. सासूबाई तिच्या पाया पडायला वाकल्या तर तिनं वाकू दिलं नाही. मग दोघी खाटेवर शेजारी बसल्या आणि रडल्या. बाय दारातच उभी होती, आत पाऊल टाकत नव्हती. सून बाहेर आली, तिनं बायच्या डोक्यावरची टोपली उतरवून घेतली आणि वांगी निवडायला बसली. थोड्या वेळानं बायही तिच्याजवळ बसली. त्यानंतर ती पुन्हा भाजी घेऊन जायला लागली, आधी माझ्याबरोबर, मग एकटी.

पुढच्या वर्षी अंबरनाथच्या आगपेटीच्या कारखान्यातल्या एका कामगाराचं स्थळ आलं. सासूबाईंनी त्याला आधीच सगळं सांगून टाकलं, दोन रात्रींसकट. तो म्हणाला, वादळात तोही कारखान्याच्या भिंतीला चिकटून बसला होता. मग त्यानं विचारलं, "तापातून पूर्ण बरी झाली ना ती?"

लग्न साधंच झालं. कॅम्पातून म्हातारा-म्हातारी आली होती, येताना मिठाई घेऊन. गावातल्या काही बायका त्यांच्याकडं टक लावून बघत होत्या. सासूबाईंनी त्या दोघांना घरच्या माणसांच्या पंगतीत बसवलं आणि स्वतः वाढलं.

बाय अंबरनाथ पश्चिमेला चाळीत सुखानं नांदली. तीन मुलं झाली. तरी वारा सुटला की ती मुलांना घेऊन पत्र्याच्या छपराखालून बाहेर यायची आणि अंगणात भिजत उभी राहायची. शेजारणी हसायच्या. एकदा मी तिच्याकडं गेले असताना असाच वारा आला. ती धाकट्याला कडेवर घेऊन बाहेर पळाली. मी तिला आत बोलवायला म्हणून उंबऱ्यापर्यंत गेले, डोक्यावर पत्रा धडधडला, आणि मीही बाहेर जाऊन तिच्याशेजारी उभी राहिले.