तात्याचं लाल मांजर

उसाचं पाचट आणि म्हाताऱ्यांचे किस्से, दोन्ही न मागता साचतात. कुंडलच्या खत गोदामाच्या पायरीवर आम्ही तिघं रोज बसतो. तिथं एकाच प्राण्याचे एवढे किस्से साचलेत, की तो स्वतः ऐकायला आला तर लाजेल!

*

मी तात्या. फौजेत लांगरी होतो, म्हणजे स्वयंपाकी. सिक्कीमच्या डोंगरात आमचं लंगर उंचावर होतं आणि खाली घळीत शेवाळलेलं एक झाड होतं. एका सकाळी चूल पेटवताना खाली बघितलं. फांदीवर तांबड्या पाठीचा एक प्राणी, कड्याकड्यांची झुबकेदार शेपूट तोंडावर घेऊन झोपलेला!

पळत जाऊन साहेबांना सांगितलं. साहेब म्हणाले, "लांगरी, रम किती घेतलीस?"

तो रेड पांडा होता. त्या हिवाळ्यात पुष्कळदा दिसला. दरवेळी वरून, नुसती पाठ. पोटाकडून तो कसा असतो, ते मी कधी बघितलंच नाही.

*

गावी आल्यावर दत्तूला सांगितलं. दत्तू माझा बालमित्र. उसाचा शेतकरी, तोवर कराडच्या पुढं कधी गेला नव्हता. तो म्हणाला, "पांडा काळा-पांढरा असतोय, टीव्हीत बघितलाय मी. तुझ्या पांडाला काय नुसता रेड ऑक्साइड मारून सोडलाय? वरचा रंग ऱ्हायला व्हय रं?"

तेव्हापासून तीस वर्षं गावात त्याचं नाव 'तात्याचं लाल मांजर'!

*

माझी नात पूजा जनावरांची डॉक्टर झाली. काम मिळालं ते त्याच डोंगरात, रेड पांडा वाचवायचं. सुट्टीत आली तेव्हा पायरीवर बसून तिनं समजावलं, "दत्तूआजोबा, मोठ्या पांडाशी याचं जवळचं नातं नाही. पांडा हे नाव आधी याचं होतं, मोठ्याला ते नंतर मिळालं."

दत्तू म्हणाला, "नाव एक, नातं न्हाई, आन् मान सगळा मागनं आलेल्याला? अगं पोरी, ही तर आमची भावकीच की!"

आमच्यातले तिसरे सुभेदार. रिटायर होऊनही रोज बूट पॉलिश करतात. त्यांनी विचारलं, "दिवसभर ड्यूटी काय असते त्याची?"

"बांबूची पानं खातो. त्यातून ताकद कमी मिळते, म्हणून खूप खावं लागतं. उरलेला वेळ झोपतो."

सुभेदार म्हणाले, "समजलं. पेन्शनर हाय."

*

यंदा पूजानं आम्हा तिघांना तिकडं बोलावलं. डॉक्टरांनी माझे गुडघे बघून सांगितलं होतं, "एकदा जाऊन या. पुन्हा डोंगराचं नाव काढायचं नाही." मला एकदाच तो परत बघायचा होता.

कराड स्टेशनवर दत्तू आला तो डोक्यावर वाढ्याची पेंढी घेऊन! वाढं म्हणजे उसाचे हिरवे शेंडे, आम्ही म्हशींना घालतो.

"बांबू खातोय न्हवं? मग ऊस म्हंजे बांबूचा गोड भाऊच की! पाव्हण्याकडं रिकाम्या हातानं जायचं व्हय?"

गाडीत टीसीनं विचारलं, "ये किसका सामान है?"

दत्तू छाती काढून म्हणाला, "पांडा का!"

बाहेरचा चारा जंगलात चालत नाही, म्हणून पूजानं ती पेंढी तिथल्या एका गाईला घातली. मग तीन दिवस ती गाय दत्तूच्या मागं मागं!

*

पूजाची खरी लढाई कुत्र्यांशी. गावातली, छावणीतली मोकाट कुत्री जंगलात शिरतात, पांडाला मारतात, रोगही देतात. म्हणून ती कुत्र्यांना लस टोचत होती.

 लंगरात उरलेल्या चपात्या रोज दहा-बारा कुत्र्यांना मीच घालायचो. मायेनं.

शेवटच्या सकाळी निरोप आला, वरच्या रानात पांडा दिसलाय. आणि खाली गावात कुत्री पूजाच्या हाती लागेनात. मी पीठ मळायला घेतलं.

"आवं तात्या, त्याच्यासाठीच आलाय न्हवं तुमी?" सुभेदार म्हणाले.

"तुमी दोघं जावा. कुत्री माझं ऐकत्यात."

चपातीच्या वासानं सगळी आली. एक तर सुई टोचून घेऊन पुन्हा रांगेत येऊन उभं राहिलं, दुसऱ्या चपातीसाठी!

दुपारी दोघं खाली आले.

"दिसला?"

दत्तू बुटाचा चिखल झाडत राहिला. वर बघितलंच नाही. "कुठला रं! नुसतं धुकं. तुझं लाल मांजर खोटंच हाय, गड्या."

सुभेदारांनी नुसता घसा खाकरला.

*

मागच्या महिन्यात गोदामावर नवीन कारकून आला. माझी गोष्ट ऐकून हसला. "तात्या, लाल पांडा कुठं असतो का?"

मला सवय आहे. मी चहा घेत राहिलो. पण दत्तू ताडकन उठला.

"का नसतोय? पाठ तांबडी आन् पोट काळं कुळकुळीत! खालनं बघितलं तर फांदीच्या सावलीत दिसतच न्हाई. मान मोडूस्तवर वर बघावं लागतंय, तवा कुठं..."

सुभेदारांनी त्याच्या पायावर काठी टेकवली. जोरात.