अष्टपैलूचा सत्कार

सिनेमाच्या धंद्यात त्याला सगळे अष्टपैलू म्हणत. कॅमेरामनचा एकही पैलू धड आठवत नसला की हा शब्द फार उपयोगी पडतो.

वडिलांच्या स्टुडिओत ओळखपत्रांचे फोटो काढता काढता तो या धंद्यात आला. पहिलाच सिनेमा भुताचा. ऐन वेळी निम्मे दिवे बंद पडले, निर्माता नवे आणेना, म्हणून त्याने तसंच उरकलं. पडद्यावर भूत दिसलं नाही, नायकही दिसला नाही; जिना तेवढा अधूनमधून दिसला. समीक्षकांनी ‘धाडसी अंधार’ म्हणत त्याला डोक्यावर घेतलं. युद्धपटात तो कॅमेरा खांद्यावर घेऊन इतका धावला की प्रेक्षकांना मळमळलं. त्याला वास्तववाद म्हणाले.

पोट मात्र भरलं ते एका नायकामुळे. हा नायक आजोबा झाला होता, पण पडद्यावर अजून कॉलेजात नापास होत होता. अष्टपैलूने बायकोचा झिरझिरीत पायमोजा कापून भिंगावर ताणला आणि सुरकुत्या धुक्यात घालवल्या. नायक खूश, निर्माते खूश. बायकोने नवे मोजे मागितले, तेही मिळाले.

मग जीवनगौरव पुरस्कार आला. समारंभात त्याच्या कामाची झलक दाखवली. रिकाम्या स्वयंपाकघरात एक म्हातारी बसली आहे आणि खिडकीतला उजेड तिच्या हातांवरून हळूहळू उतरतो आहे.

“काय सुरेख केलंय,” तो पुटपुटला.

“अहो, हे तुमचं नाही,” बायको म्हणाली.

“म्हणून तर म्हणतोय.”

आयोजकांनी भलत्याच सिनेमाचा तुकडा लावला होता. मंचावर जाऊन तो बोलला. “हे काम माझं नाही. ज्याचं आहे त्याला पुरस्कार द्या. मला असं कधी जमलं नाही.”

या विनम्रतेवर सभागृह उभं राहून टाळ्या वाजवू लागलं. अध्यक्षांनी त्याला मिठीच मारली.

दुसऱ्या दिवसापासून निर्मात्यांचे फोन सुरू झाले. सगळ्यांना तोच खिडकीचा उजेड हवा होता. ज्याने तो टिपला तो कॅमेरामन काम नाही म्हणून घरी बसला होता. अष्टपैलूने त्याचं नाव सुचवलं, पण असल्या अनोळखी माणसाला घ्यायला कुणी धजेना. शेवटी त्याने एक सिनेमा घेतला, त्या माणसाला सोबतीला घेतलं आणि उजेडाचं सगळं त्याच्यावर सोपवलं. याचं नाव माझ्या नावाशेजारी टाका, एवढं निर्मात्याला बजावलं.

निर्मात्याने नाव टाकलं ते अगदी शेवटी, जेवण पुरवणाऱ्याच्या खाली, तेही चुकीचं लिहून. कौतुक झालं अष्टपैलूचं. तो शरमेने माफी मागायला गेला, तेव्हा तो माणूस शांतपणे म्हणाला, “आईने वाचलं. तोवर थिएटर रिकामं झालं होतं, पण ती बसून राहिली.”