मावशीचा हातगुण

लग्न होऊन धानपट्ट्यातल्या गोरेगावजवळच्या खेड्यात सासरी आले, त्याचं ते दुसरं वर्ष. देश स्वतंत्र होऊन सहा-सात वर्षं झाली असतील. आमच्या गावात धानाची रोवणी सुरू करायची तर बांधीतलं, म्हणजे बांध घातलेल्या शेताच्या तुकड्यातलं, पहिलं रोप हातगुणाच्या बाईनं लावायचं अशी रीत होती, आणि तसा हात गावात एकच होता. साठीची एक विधवा होती, तिला लहानथोर सगळेच मावशी म्हणत. एरवी विधवेला शुभकार्यात मागे उभी करणारं आमचं गाव, पण या कामाला तिला घरी जाऊन बोलावून आणत. सुगीत घराघरांतून तिला सूपभर धान जाई आणि त्यावर तिचं वर्ष निघे.

आमच्या कोपऱ्यातल्या बांधीत तिनं पहिलं रोप लावलं आणि दिवसभरात ती बांधी आम्ही रोवून काढली. संध्याकाळी धुऱ्यातली, म्हणजे बांधातली, पाण्याची वाट बुजवून ये, म्हणून सासूबाईंनी मला मागे ठेवलं. तेवढ्यात मुर्रीहून माझा भाऊ मला न्यायला आल्याचा निरोप आला. मी फावडं टाकून पळाले, ती वाट बुजवायची राहूनच गेली. रोवणी पुढच्या बांध्यांत सरकली होती, त्यामुळे चार दिवस त्या कोपऱ्याकडे कोणी फिरकलं नाही. बांधीतलं पाणी वाहून गेलं, आणि पाऊसही आला नाही. पाचव्या दिवशी सासूबाईंनी पाहिलं तेव्हा रोप पिवळं पडून आडवं झालं होतं.

"हे काऊन असं झालं वो?" त्यांनी विचारलं.

खरं सांगितलं तर माहेर बुडणार होतं. आमची रोवणी आटपेपर्यंत थांबलेला भाऊ ओसरीवर बसून वाट पाहत होता.

"मावशीच्या हातचं तं आहे थे," मी म्हणाले.

बस, एवढंच. रोवणीच्या बायका शेजारी वाकलेल्या होत्या, त्यांनी ते ऐकलं. मी माहेरी गेले, पोटभर जेवले, पोटभर झोपले. लाज वाटते सांगायला, पण त्या पंधरा दिवसांत मला मावशीची आठवणसुद्धा झाली नाही.

परत आले आणि गोरेगावच्या बाजारात बांगड्या भरायला बसले, तर बांगडीवाली माझा हात दाबत मलाच सांगू लागली. तुमच्याकडच्या एका म्हातारीनं म्हणे कचारगडच्या गुहेतून काहीतरी उचलून आणलंय. तिच्या तळव्यावर काळा डाग पडलाय. तिनं चरवीला हात लावला की दूध नासतं. मी हादरले. या गोष्टीची आई मीच होते आणि पोर मला ओळखू येत नव्हतं. त्याहून वाईट म्हणजे, घरी येताना वाटेत मावशी दिसली तेव्हा मी आधी तिचे तळवे पाहिले.

गोवर घराघरांतून फिरावा तशी ती गोष्ट फिरली. ज्यांची रोवणी राहिली होती त्यांनी मावशीला बोलावलं नाही. दुसरा चांगला हात शोधण्यात त्यांचे दहा-बारा दिवस गेले, वाफ्यातली रोपं जून झाली, आणि उशिरा लावलेलं धान पिवळं पडलं. मग तर गोष्ट खरीच ठरली. शेजारच्या एका शेतकऱ्यानं मावशीनं लावलेली हिरवीगार रोपं उपटून धुऱ्यावर फेकली. मी पाहत होते. त्या सुगीला तिच्याकडे एकही सूप गेलं नाही.

पुढच्या पावसाळ्यात सगळीकडे रोवणी चालू असताना बोडीखालची, गावतळ्याखालची, तिची स्वतःची इवलीशी बांधी रिकामीच होती. नुसतं पाणी साचलेलं. मला राहवलं नाही. मी तिच्या घरी गेले आणि सगळं सांगितलं. पाण्याची वाट, फावडं, भाऊ, खोटं, सगळं. ती चिडेल, केस धरून ओढेल अशी माझी तयारी होती. तिनं चिंध्यांनी गुंडाळलेले आपले दोन्ही हात मांडीवर ठेवले.

"तू माह्या मनासाठी बोलून राहिली, बाई," ती म्हणाली. "माह्या हाताले काही तरी झालंच आहे. माले समजते. तू माह्या बांधीत रोप लावून दे. तुहा हात चांगला आहे."

मी पुन्हा पुन्हा सांगितलं. शप्पथ घेतली. ती माझीच समजूत काढत राहिली. घरी येऊन सासूबाईंना सांगितलं, तर त्या म्हणाल्या, तुझा जीव मऊ आहे, म्हातारीपायी स्वतःवर आळ घेतेस.

शेवटी तिच्या बांधीत मी रोप लावलं. पाऊस वेळेवर आला आणि धान कमरेएवढं झालं. मला ते पाहवत नव्हतं. गाव मात्र धुऱ्यावर उभं राहून ते धान पाहत होतं आणि माझ्या हातांकडे बघत होतं.

त्याच्या पुढच्या वर्षी रोवणीच्या तोंडावर लोक आमच्या दारात आले. पहिल्या रोपासाठी त्यांना माझा हात हवा होता. सासूबाईंनी कौतुकानं मला कुंकू लावलं, आणि मी गेले.

सुगीला आमच्या घरी धान येऊ लागलं. पहिलं सूप मावशीनं आणलं.