दोनदा फिटलेले कर्ज

आमचे गृहकर्ज दोन वेळा फिटले. पहिल्या वेळी ते मी फेडले. दुसऱ्या वेळी, त्यानंतर सुमारे आठ वर्षांनी, ते खरोखर फिटले.

या दोन घटनांच्या दरम्यान माझ्यावर, माझ्या पत्नीवर आणि वसईजवळच्या सांडोर गावातील एका केळीबागायतदारावर जे प्रसंग गुदरले, त्यांचे यथातथ्य निवेदन करणे मी माझे कर्तव्य समजतो. (निवेदन करण्याचा मला पंचवीस वर्षांचा अनुभव आहे. वसईच्या कोर्टाबाहेर चिंचेखाली टंकलेखन यंत्र घेऊन बसणारा अर्जलेखक तावडे, तो मीच. शिक्षण नववीपर्यंत, परंतु बी.ए. झालेले लोक माझ्याकडून अर्ज लिहून नेतात, यावरून काय ते समजावे!)

नव्वदच्या दशकात जूचंद्रला भातखाचरे आणि मिठागरे यांच्या मधोमध नव्या इमारती उभ्या राहू लागल्या, तेव्हा आम्ही तेथे दोन खोल्यांचे घर घेतले. किंमत दोन लाख साठ हजार. पैकी दोन लाख एका गृहवित्त संस्थेने दिले, तेही माझी पत्नी सौ. सुनंदा हिच्या पगारपत्रकावर. ती नायगावला एका शाळेत लिपिक आहे. माझ्या उत्पन्नाचा पुरावा म्हणून मी एक सुंदर दाखला स्वतःच टंकलिखित करून, स्वतःच सही करून सादर केला होता. संस्थेने तो आदरपूर्वक परत केला.

उरलेले साठ हजार उभे करताना बचत संपली, पतपेढी संपली, तरी थोडे कमीच पडले. तेव्हा सौ.ने तिच्या आईने दिलेल्या दोन पाटल्या काढून माझ्यासमोर ठेवल्या.

"परत मिळतील ना हो?"

"मिळतील म्हणजे काय! लेखी देतो."

आणि मी खरोखरच लेखी दिले. मुद्रांक आणला, यंत्रावर चढवला आणि ठोकून काढले: "कर्जफेड पूर्ण होताच तीन महिन्यांच्या आत सदर पाटल्या त्याच वजनाच्या करून देईन. विलंब झाल्यास सदर वजनावर दरसाल दरशेकडा चौदा टक्के चक्रवाढ दराने वाढावा देईन." शेवटच्या वाक्याची कोणी मागणी केली नव्हती, परंतु व्याजाच्या कलमाशिवाय दस्त सोडायचा नाही, हा माझा धंद्याचा शिरस्ता. शिवाय 'चक्रवाढ' हा शब्द कागदावर भारदस्त दिसतो. सौ.ने कागद घडी करून साड्यांच्या खाली ठेवला आणि ओकेबोके हात पदराआड घेतले.

आता कर्जाचे गणित. व्याजाचा दर चौदा टक्के. दोन लाखांचे चौदा टक्के म्हणजे अठ्ठावीस हजार. एकूण देणे दोन लाख अठ्ठावीस हजार. मासिक हप्ता दोन हजार सहाशे चौसष्ट. भागाकार केला, शहाऐंशी हप्ते. सात वर्षे दोन महिने. संपला विषय!

"पण करारात तर एकशे ऐंशी हप्ते लिहिलेत," सौ. म्हणाली.

"ती कमाल मर्यादा असते. अपिलाला नव्वद दिवस दिले, म्हणून काय नव्वदाव्या दिवशीच जायचं? हुशार पक्षकार आधीच जातो."

"अहो, पण आपण जास्तीचं काही भरतच नाही. मग आधी कसं फिटणार?"

"सुनंदा, शाळेचं हजेरीपत्रक तू सांभाळ. दस्तऐवज मी सांभाळतो."

संस्थेकडून दर वर्षी एक लांबलचक कागद टपालाने येई. पुढील बाजूस बारीक आकडे, मागील बाजू मात्र पूर्णपणे कोरी, गुळगुळीत आणि पांढरीशुभ्र! असा कागद बाजारात विकत घ्यायला गेलो असतो तर भुर्दंड पडला असता. माझी पद्धत अशी, की अर्जाचा कच्चा मसुदा आधी हाताने लिहायचा, पक्षकाराने तो घरी नेऊन वाचायचा, दुरुस्त्या सांगायच्या आणि मग मी टंकलेखन करायचे. या मसुद्यांसाठी संस्थेचे कागद अत्यंत सोयीचे पडत. अशा रीतीने माझ्या कर्जाचा संपूर्ण इतिहास सात वर्षांत वसई तालुक्यात घरोघरी पोहोचला. फक्त माझ्या घरी तेवढा राहिला नाही.

त्या काळी वर्षाचे बारा धनादेश संस्थेला आगाऊ द्यावे लागत. सौ. सह्या करी, बाकीचा मजकूर मी भरी. आठव्या वर्षी मी बाराऐवजी दोनच धनादेश दिले आणि सोबत पत्र जोडले: "उपरोक्त दोन धनादेशांनी सदर कर्ज संपूर्ण फिटत असून, घराचे मूळ दस्त पंधरा दिवसांत परत न केल्यास आपणांवर योग्य ती कारवाई करणे भाग पडेल." संस्थेची दोन उत्तरे आली. त्यांच्याही मागील बाजू कोऱ्या होत्या.

शहाऐंशीवा हप्ता गेला. पुढील तीन हप्त्यांचे पैसे मी वसईच्या सोनाराकडे पाटल्यांसाठी आगाऊ रक्कम म्हणून दिले. सौ.च्या मनगटाचे माप घेतले गेले, तेव्हा तिने दुसऱ्या हाताने डोळ्याला पदर लावलेला मी पाहिला. मग मला राहवले नाही. मी निमंत्रणपत्रिका छापून घेतली! "आमच्या गृहकर्जाची संपूर्ण परतफेड झाल्याप्रीत्यर्थ श्रीसत्यनारायणाची पूजा योजिली आहे." खाली माझे नाव, आणि प्रत्येक पत्रिकेवर माझी स्वाक्षरी. (छापील स्वाक्षरी मला पटत नाही.)

रविवारी इमारतीतील सगळी बिऱ्हाडे आली. पूजेच्या चौरंगाला लागणारे केळीचे खांब आणि राजेळी केळ्यांचा एक लोंगर, म्हणजे अख्खा घड, घेऊन सांडोरचे पासकूभाऊ आले. हे माझे जुने पक्षकार. शेजाऱ्याने पाटाचे पाणी अडवले म्हणून त्यांचा अर्ज मी लिहीत होतो. चर्चमधली सकाळची मिस्सा आटोपून ते थेट आमच्याकडे आले होते आणि खिशात माझा मसुदा होता.

पूजा झाली, आरती झाली, प्रसादाचे द्रोण फिरू लागले. मी उभा राहून दोन शब्द बोललो. (दोन म्हणजे साधारण वीस मिनिटे.) कर्ज ही भिण्याची गोष्ट नसून समजून घेण्याची गोष्ट आहे, सामान्य माणसाला कागद वाचता येत नाही, हेच त्याचे दुर्दैव, असे मी नुकतेच म्हटले होते. तेवढ्यात पासकूभाऊंनी मसुदा उघडला.

"तावडेमास्तर, एक इचारू? अर्ज फक्कड झालाय. पन ह्याच्या मागं तुमचं नाव कसं?"

"मागचं बघू नका हो. ते रद्दी आहे."

"रद्दी कशी? 'शिल्लक मुद्दल' लिवलंय. मला वाटलं, पाटाच्या पान्यासाठी तुम्ही माझ्या बागेवर कर्ज काढलंत की काय!"

मंडळी हसली. मीही हसलो. सौ. मात्र प्रसादाचे पातेले खाली ठेवून पुढे आली.

"बघू, पासकूभाऊ."

तिने कागद खिडकीपाशी नेला. शाळेच्या लिपिकाला आकड्यांची सवय असते. ती एकेक ओळ शांतपणे, परंतु दुर्दैवाने मोठ्याने वाचू लागली.

"सातवं वर्ष. वर्षभरात भरलेले, एकतीस हजार नऊशे अडुसष्ट. त्यापैकी व्याज, बावीस हजार दोनशे दहा."

"छपाईची चूक!" मी म्हणालो.

"मुद्दलात जमा, नऊ हजार सातशे अठ्ठावन्न."

"अगं, आधी प्रसाद—"

"शिल्लक मुद्दल," ती थांबली. "एक लाख त्रेपन्न हजार दोनशे बावन्न."

तळमजल्यावरचे घरत आपला द्रोण हळूच खाली ठेवू लागले. जणू फिटलेल्या कर्जाचा प्रसाद न फिटलेल्या कर्जावर खाणे बरे दिसणार नाही!

"अहो," सौ. म्हणाली, "दोन लाखांच्या वर भरून झालेत. अजून दीड लाख राहिलेत."

"अशक्य! चौदा टक्के मी एकदा पूर्ण धरले आहेत."

"एकदा?"

"हो. अठ्ठावीस हजार."

तेव्हा पासकूभाऊंनी डोक्यावर हात मारला. "मास्तर, अवो विहीर बघितली का कधी? आमी दुपारभर पंप लावून पानी उपसतो. पन झरा थांबतो का? तुमी चार बादल्या काढल्या, तर तीन बादल्या झऱ्याच्याच. विहीर एका बादलीनंच खाली जाते. आनि पावसाळ्यात विहीर भरलेली असते, तवा तर झरा लई जोरात."

"पण चौदा टक्के—"

"त्यो झरा! वर्साला परत, वर्साला परत!"

कोर्टाबाहेर इतकी वर्षे बसलेल्या मनुष्यास केळीबागायतदाराने अर्थशास्त्र शिकवावे, हे मला रुचले नाही. मी दुसऱ्याच दिवशी संस्थेच्या कार्यालयात जाऊन वस्तुस्थिती स्पष्ट करण्याचे जाहीर केले. पासकूभाऊ म्हणाले, "मी पन येतो. माझा अर्ज तुमच्या कर्जाच्या पाठीवर आहे. तो कुनी जप्त केला तर?"

कार्यालयातील अधिकारी बाई वयाने लहान होत्या. त्यांच्यासमोर माझी जाड फाईल होती आणि फाईलवर माझे 'योग्य ती कारवाई' असलेले पत्र. ते त्यांनी बहुधा सर्वांना वाचून दाखवले असावे, कारण मी नाव सांगताच मागील दोन टेबलांवरचे लोक वळून पाहू लागले.

"काका, करारावर व्याज कसं लिहिलंय, वाचता का?"

"दरसाल दरशेकडा चौदा टक्के."

"दरसाल म्हणजे?"

हा शब्द मी आयुष्यात किमान पाच हजार दस्तांत टंकलिखित केला असेल. त्याचा अर्थ मला कोणी प्रथमच विचारत होते.

"दर... वर्षी," मी म्हणालो.

"बरोबर. जेवढं मुद्दल शिल्लक, त्याच्यावर. तुमच्या अगदी पहिल्या हप्त्यातले दोन हजार तीनशे तेहेतीस व्याजात गेले आणि मुद्दलात तीनशे एकतीस. एकशे ऐंशी हप्त्यांचे एकूण होतात चार लाख एकोणऐंशी हजार पाचशे वीस."

"दोन लाखांचे?" मी विचारले.

"दोन लाखांचे."

"झरा," पासकूभाऊ पुटपुटले.

बाई पुढे म्हणाल्या, की तीन हप्ते थकले आहेत, दंडव्याज लागू झाले आहे आणि ते महिनाअखेर न भरल्यास प्रकरण वसुली विभागाकडे जाईल. मग घराचे काय होईल, ते त्यांनी सांगितले नाही. सांगण्याची गरज नव्हती. तशा घरांच्या लोकांचे अर्ज मीच लिहीत आलो आहे.

त्या संध्याकाळी सौ. म्हणाली, "सोनाराकडचे पैसे परत आणा."

"पण पाटल्या—"

"पाटल्या नसल्या तरी मी घरात राहू शकते. घर नसलं तर पाटल्या घालून कुठे बसू? तुमच्या चिंचेखाली?"

सोनाराने पैसे परत दिले, घडणावळीचे थोडे कापून. मी हप्ते भरले, दंड भरला, उरलेले धनादेश दिले आणि संस्थेस एक पत्र लिहिले: "मागील पत्रातील भाषा अनवधानाने कडक झाली असल्यास ती सौम्य समजावी." त्यानंतर जवळजवळ आठ वर्षे आम्ही विहीर उपसत राहिलो. शेवटीशेवटी झरा आटत गेला आणि मुद्दल भराभर खाली जाऊ लागले, हे मी आता प्रत्येक वार्षिक कागदावर स्वतः वाचीत असे. मसुद्यांसाठी वही विकत घेतली.

दोन हजारनंतरचे ते दशक संपता संपता एके दिवशी घराचे मूळ दस्त आमच्या हातात आले. मी पूजा घातली नाही, पत्रिका छापल्या नाहीत, दोन शब्दही बोललो नाही. पासकूभाऊ मात्र राजेळीचा लोंगर घेऊन आले. कागद आधी उलटा करून पाहिला, मग सुलटा, आणि म्हणाले, "आता खरं."

ते गेल्यावर मी सौ.ला म्हणालो, "आता तीन महिन्यांच्या आत पाटल्या. शब्द म्हणजे शब्द."

"तीन महिने कधीच होऊन गेले," सौ. म्हणाली.

"कसे? कर्ज तर आज फिटलं."

ती उठली. साड्यांखालून तिने तीन कागद काढून ओळीने मांडले. पहिला, माझा मुद्रांक. दुसरी, पूजेची पत्रिका: "संपूर्ण परतफेड झाल्याप्रीत्यर्थ." तिसरी, संस्थेला लिहिलेल्या माझ्या पत्राची स्थळप्रत: "सदर कर्ज संपूर्ण फिटत असून." तिन्हींवर माझी स्वाक्षरी, ठळक आणि निर्विवाद.

"तुमच्याच म्हणण्याप्रमाणे कर्ज आठ वर्षांपूर्वी फिटलं," ती शांतपणे म्हणाली. "तेव्हापासून विलंब. चौदा टक्के. चक्रवाढ. दरसाल."

"अगं, तो शब्द मी नुसता शोभेसाठी घातला होता!"

"मी हिशेब केलाय. दोन पाटल्यांच्या पावणेसहा पाटल्या होतात."

पंचवीस वर्षांत इतका बिनतोड दस्त माझ्या हातून दुसरा झालेला नाही. त्यात एकही पळवाट नव्हती. मी दोन दिवस शोधली. तिसऱ्या दिवशी मी हप्ते बांधून मिळण्याबाबत विनंतीअर्ज केला. तिने तो दोन्ही बाजूंनी वाचला आणि मंजूर केला.

आजतागायत माझी एक संपूर्ण पाटली भरून झाली आहे. त्यातील व्याजात किती गेली आणि मुद्दलात किती, हे तिला विचारण्याचे धैर्य मला अद्याप झालेले नाही.