शिवेबाहेरचे हमीद मुलाणी

इंग्रजीत ‘अनकन्फॉर्मेब्ली’ असे एक क्रियाविशेषण आहे. मोठ्या कोशांत त्याला दोन ओळींची जागा मिळते. बोलण्यात ते सहसा येत नाही. ठरलेल्या विधीशी किंवा आधीच्या मांडणीशी न जुळता एखादी गोष्ट करणे, हा त्याचा स्थूल अर्थ. राजमान्य धर्मपीठाची उपासना नाकारून आपल्या रीतीने देवाला आळवणाऱ्या इंग्रजांच्या वर्तनाला ते लावता येते. भूगर्भशास्त्रज्ञ तेच दगडाविषयी वापरतात. खालचा थर कललेला आणि झिजलेला असावा, त्यावर दीर्घ काळाने दुसरा थर आडवा येऊन बसावा, की तो असा बसला असे ते म्हणतात. आपल्या मावळात याचे उदाहरण शोधून सापडायचे नाही. इथला काळा पाषाण धुतलेल्या धोतराच्या घड्या एकावर एक ठेवाव्यात तसा निमूट बसलेला आहे.

या शब्दाला संस्कृतात प्रतिशब्द शोधण्याचा मी पुष्कळ प्रयत्न केला. ‘यथाविधि’, ‘यथाक्रम’, ‘यथाशास्त्र’ अशी अव्ययांची समृद्धी आपल्याकडे आहे. त्यांच्या उलट बाजूला मात्र वाणी अडखळते. ‘अयथाविधि’ म्हणावे तर कर्त्याचे अज्ञान सूचित होते, ‘उत्पथेन’ म्हणावे तर निंदा येते, आणि ‘स्वैरम्’ म्हटले की मनमानीचा वास येतो. त्या इंग्रजी शब्दात निंदा नाही आणि स्तुतीही नाही. विधी पूर्ण ठाऊक असून, त्याच्याकडे नीट पाहून, त्याच्याशी न जुळता केलेले कर्म तेवढे त्यात आहे. लोणावळ्याच्या शाळेत इंग्रजी शिकवताना हा शब्द समजावण्याची वेळ आली की मला हमीद मुलाणी आठवत. त्यांची हकीकत वर्गात सांगण्यासारखी नव्हती.

लोहगडवाडीच्या खालच्या अंगाला, डोंगराची सावली लवकर पडते अशा एका गावात मुलाण्याचे एकच घर होते. गावाच्या जत्रेत देवीपुढचा बकरा मुलाण्याच्या हातानेच कापला जावा, अशी तिथली पूर्वापार रीत. दुसऱ्या कोणी सुरी चालवली तर ते मटण गावातला कोणी तोंडात घालत नसे. हमीदभाई बकऱ्याला आधी पाणी पाजीत, त्याचे तोंड मावळतीला करीत, अल्लाचे नाव घेत आणि मगच सुरी लावीत. नैवेद्य देवीचा, नाव अल्लाचे, आणि जेवण साऱ्या गावाचे. या व्यवस्थेत कोणाला काही विसंगत वाटत नसे, आणि सर्वांत कमी हमीदभाईंना वाटे. विधीचे इतके काटेकोर पालन करणाऱ्या माणसाविषयी मी क्वचितच ऐकले आहे.

पहिले महायुद्ध संपत आले त्या शरदात मानमोडीचा ताप मावळात उतरला. शेतात भात पिवळे होऊन उभे होते आणि ते कापायला घरात धडधाकट माणूस उरले नव्हते. एका चितेची राख निवण्याआधी दुसरे प्रेत ओढ्यापलीकडे जाई. कावळेही गावातून उठून गेले, असे म्हातारे सांगत. अशा वेळी कोंडाजी पाटलांनी गाव जमवले आणि मरीआईचा गाडा काढण्याचे ठरले. लहानशा लाकडी गाड्यात देवी बसवायची, गाडा ओढत शिवेपार न्यायचा, शिवेवर बकरा कापून तसाच सोडायचा आणि मागे न बघता परतायचे. तो बकरा रोगाचा घास. त्यातला कणही माणसाने खायचा नाही.

पाटलांनी हमीदभाईंना सुरी घेऊन यायला सांगितले. ते आले, पण रिकाम्या हातांनी.

“पाटील, ह्यो बकरा कोण खानार?”

“कोण खानार म्हंजी? ती खाईल. आपुन न्हाई.”

“मंग माझ्याच्यानं व्हनार न्हाई. जे कुनाच्या तोंडात जानार न्हाई, त्याच्यावर मी नाव घ्यायचं न्हाई. नाव जेवनासाठी हाय. मारून टाकायसाठी न्हाई.”

“आरं, मग नाव नको घेऊस! नुसती सुरी फिरव.”

“नाव न घेता माझा हात चालत न्हाई, आबा.”

कोणीतरी हसून म्हणाले, “मुलाण्याला वाटा न्हाई ना गावनार ह्या टायमाला, म्हनून रुसलाय.” पण ते हसू तिथेच विरले. पाटलांची सून त्याच सकाळी गेली होती. ते जागचे उठले, हमीदभाईंच्या अगदी समोर येऊन उभे राहिले आणि खालच्या आवाजात म्हणाले,

“गावात तुजं एकच घर हाय, हमीद. उद्या तुला चार खांदं लागलं, तर कुटनं आननार?”

हमीदभाई घरी गेले आणि दारात बसून राहिले. दुसऱ्या कोणाच्या हातून बकरा कापून घ्यावा, असे गावातल्या एकालाही सुचले नाही. सुरी मुलाण्याची, हे त्यांच्या हाडात मुरलेले होते. गाडा देवळापुढे सजून उभा राहिला, बकरा त्याला बांधलेला राहिला, आणि ताप घराघरांतून फिरत राहिला. जो मरे तो आता हमीदच्या नावावर मरे. विहिरीवर त्यांची बायको अमिना आली की बाया घागरी उचलून बाजूला होत. शेजारचा सोपान तेवढा कुंपणापाशी येऊन बोले. तो हमीदभाईंचा लहानपणापासूनचा सोबती.

“काप की लेका. बकरंच हाय त्ये.”

“बकरंच हाय, व्हय. म्हनून तर.”

मग अमिनेला ताप भरला. ओठ निळे पडले, श्वास घरघरू लागला, आणि एका दुपारी तो थांबला. हमीदभाई पाटलांच्या अंगणात गेले.

“खांदं देऊ,” पाटील म्हणाले. “आदी गाडा शिवेपार जाऊ दे.”

कबरस्तान गावामागे करंजाच्या झाडाखाली होते. त्यांचे आजे-पणजे तिथे होते. घरात अमिना चादरीखाली निजली होती, आणि एकटा माणूस जनाजा उचलू शकत नाही. हमीदभाईंनी सुरी घेतली आणि ते गाड्यामागून चालू लागले.

पुढे जे घडले ते मी सोपानच्या तोंडून ऐकले. शिवेच्या दगडापाशी हमीदभाईंनी बकऱ्याला पाणी पाजले, त्याचे तोंड मावळतीला केले, स्पष्ट आवाजात नाव घेतले आणि सुरी चालवली. गावकरी परत फिरण्याच्या तयारीने पाठ वळवू लागले. तेवढ्यात वाळक्या काटक्या मोडल्याचा आवाज झाला. मागे बघायचे नाही हे सर्वांना ठाऊक होते, आणि तरी सर्वांनी बघितले. हमीदभाई उकिडवे बसून जाळ करीत होते. त्यांनी बकऱ्याचा एक तुकडा काढून निखाऱ्यावर धरला, उलटला, फुंकला, आणि सर्वांसमोर चावून खाल्ला.

“मुलाण्या! त्यो तिचा घास हाय!” पाटील ओरडले.

“नाव घेतलंय, आबा. आता कुनीतरी खाल्लंच पायजे.”

इथे मला तो शब्द आठवतो. हमीदभाईंनी गावाचा विधी मोडला नाही, सुरी चालवली. आपला विधीही मोडला नाही. नाव जेवणासाठीच घेतले. पण दोन्ही विधी पाळून झालेले ते कर्म कोणत्याच विधीत बसेना. असे कर्म पाहणाऱ्याला भय वाटते. ते चूक आहे असे म्हणायला त्याच्याकडे आधार नसतो, आणि बरोबर म्हणायची छाती होत नाही.

गावाने शब्द पाळला. चौघांनी खांदा दिला, त्यांत सोपान होता. हमीदभाईंना मात्र दुरून चालायला सांगितले गेले. त्यांनी करंजाखाली नमाज पढला, मूठभर माती टाकली. त्यानंतर ताप ओसरू लागला. साऱ्या मुलखात तो ओसरतच होता. पण या गावाने त्याचा वेगळा अर्थ लावला. रोगाचा घास मुलाण्याने खाल्ला, तेव्हा रोग गेला कुठे? त्याच्या पोटात. तो तिथे बसला आहे, म्हणून आम्ही जगलो. तर्काला एकही भोक नव्हते. हमीदभाईंनी शिवेच्या आत पाऊल ठेवायचे नाही, असे ठरले.

मी त्यांना पाहिले ते पुष्कळ वर्षांनी, गडावर जाताना. शिवेपलीकडे कारवीच्या कुडाची एक खोपी होती आणि तिच्यापुढे पांढऱ्या दाढीचा एक शांत म्हातारा दोर वळत बसला होता. गाव त्यांना रोज जेवू घालीत असे. भाकरी दगडावर ठेवली जाई, आणणारी बाई लांब उभी राहून हाक मारी. त्या दिवशी सोपानची बायको रतनबाई आली होती.

“खा रं बाबा, पोटभर खा. आनि जग. तू मेलास तर ती भाईर येईल, आन् आमी मरू.”

“कोरड्यास काय हाय, वैनी?”

“पिठलं. जास्त नखरं नकोत.”

ती गेल्यावर हमीदभाई माझ्याकडे पाहून हसले. “बघितलं, मास्तर? मला नुसता खोकला आला तर गाव झोपत न्हाई. राजालाबी येवढं कुनी जपत नसंल.”

मी विचारले, “तुम्ही निघून का जात नाही? लोणावळ्यात काम मिळेल. कोणी ओळखणारही नाही.”

“अमिना हितं हाय,” ते म्हणाले. “तिच्या बाजूला जागा ठेवलीया. तेवढी गावली म्हंजी झालं. बाकी मला कायबी नको.”

ती जागा शिवेच्या आत होती. आयुष्यात त्यांना हवे असे तेवढेच उरले होते, आणि गाव द्यायला तयार नव्हते ते नेमके तेवढेच. मी एकदा धीर करून पाटलांकडे गेलो. कोंडाजी आता वाकले होते, नजर मंद झाली होती. त्यांनी मला बसायला घोंगडी दिली, गूळपाणी दिले आणि सौम्यपणे सांगितले,

“मास्तर, तुमी शिकल्याली मान्सं. पन त्याचं पोट हितल्या मातीत फुटलं, तर ती सुटंल. त्यो खाटंला लागला की जित्ता आसतानाच गाडीत घालायचा, आन् लांब, दुसऱ्याच्या शिवेत सोडायचा. मरीआईचा गाडा नेत्यात तसा.”

गोठ्याशेजारी एक बैलगाडी उभी होती. तिच्यावर नवा पेंढा अंथरलेला होता. ती शेताला जात नव्हती, बाजारालाही जात नव्हती. पुढे जेव्हा जेव्हा मी त्या गावावरून गेलो, तेव्हा ती तशीच, दोन्ही धुरा शिवेकडे करून उभी असलेली दिसली. पेंढा तेवढा दर हंगामात बदललेला असे. एक माणूस आजारी पडण्याची वाट पाहत सबंध गाव इतक्या व्यवस्थितपणे जगू शकते, हे मला त्या गाडीने शिकवले.

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात, एका कार्तिकात हमीदभाईंना ताप आला. दोन दिवस दगडावरची भाकरी तशीच राहिली. रतनबाईने ते गावात सांगितले, आणि पाटलांनी बैल जुंपायला लावले. खळ्यांवर मळणी चालू होती. भर उन्हात, बैलांच्या मानेवर जू चढत असताना, हमीदभाई काठी टेकत शिवेच्या दगडाजवळ आले आणि तो ओलांडून सरळ गावात चालू लागले.

खळ्यांवरचे हात थांबले. बायांनी मुले ओढून आत नेली. हमीदभाई कोणाकडे न पाहता, मध्ये मध्ये थांबून दम घेत, मधल्या वाटेने देवळावरून पुढे गेले, गावामागच्या करंजापाशी पोचले आणि अमिनेच्या कबरीशेजारी अंग टेकून बसले.

गाडी मागोमाग आली. पाटील ओरडले, “चढवा त्याला!”

कोणी हलले नाही.

“आरं, चढवा म्हनतो!”

“हात कुनी लावायचा, आबा?” गाडीवानाने विचारले.

इतक्या वर्षांत हा प्रश्न कोणी विचारला नव्हता. पेंढा बदलला होता, चाकांना वंगण घातले होते, शीव निवडून ठेवली होती. पण त्या देहाला स्पर्श कोण करणार, हे ठरवायचे राहून गेले होते. माणसे लांब रिंगण करून उभी राहिली. एकाने दगड उचलला, तर पाटलांनीच त्याचा हात धरला. “फुटंल ना, येड्या! टाक त्यो खाली.” बैल जुंपलेलेच राहिले. हमीदभाईंनी कबरीच्या मातीवर तळवा टेकवला होता. ऊन कलले तेव्हा तो हात सैल पडला.

सोपान रिंगण मोडून पुढे गेला. तोही म्हातारा झाला होता. त्याने घरून कुदळ आणली आणि देहाला लागूनच खणायला घेतले. मदतीला गडावरच्या दर्ग्यातला एक फकीर उतरून आला. दोघांनी मिळून त्यांना न्हाऊ घातले, चादरीत गुंडाळले आणि आत निजवले. फकिराने दुआ म्हटली. गाव दुरून पाहत होते; माणसांनी तोंडांवर पदर आणि पटक्याचे शेव धरले होते.

माती लोटून झाल्यावर पाटलांनी लांबूनच विचारले, “सोपाना, त्याचं पोट... वर आलं व्हतं का?”

“न्हाई, पाटील. खपाटीला गेलं व्हतं. काय बी नव्हतं त्याच्यात.”

पाटील सोपानच्या हातांकडे पाहू लागले, आणि मग एकेक करून बाकीचेही पाहू लागले. सोपानने ओढ्यावर जाऊन कोपरापर्यंत हात घासले, कुदळ धुतली आणि तो घराकडे निघाला. वाटेतली माणसे भिंतींना लागून उभी राहिली.

“रतने,” त्याने दारातून हाक मारली, “दार उघड.”

आतून कडी लागलेली होती.