दादारावांची भोळवंती

दादाराव काकांइतकं सरळ तोंड ठेवून थापा मारणारा माणूस मी दुसरा पाहिला नाही. ते धाड गावाहून बुलढाण्याला प्रवासी जीप चालवायचे, आणि जीप भरेपर्यंत जगात कुठेच नसलेल्या एका नदीची गोष्ट सांगायचे. मी बुलढाण्याच्या एका लॅबमध्ये रक्त तपासायच्या कामाला होते. रोज सकाळी त्यांच्याच जीपनं जायचे, त्यामुळे ती नदी मला आमच्या गावच्या नदीपेक्षा जास्त ओळखीची झाली.

नदीचं नाव भोळवंती. ती वाहायची त्या मुलखातले डोंगर उन्हाळ्यात सावलीला सरकायचे आणि झाडं पाहुण्यांना वाट सांगायची. भोळवंतीचा स्वभाव मात्र एकच होता. तिला कोणी काही सांगितलं की ती ते खरं मानायची. नावाड्यानं “बाई, तू घोट्याएवढीच आहेस” म्हटलं की ती घोट्याएवढी व्हायची आणि लग्नाचं वऱ्हाड पायी पलीकडे जायचं. एखाद्या टवाळानं “तू दूध आहेस” म्हटलं की खालच्या गावांत मासे मरायचे आणि मांजरी माजायच्या. म्हणून त्या मुलखात लेकरांना आधी काठावर कसं बोलावं ते शिकवत, मग चालायला.

एकदा चिखलीचा एक कापसाचा व्यापारी जीपमध्ये बसला होता. त्यानं मोबाइल काढून नकाशात नदी शोधायला सुरुवात केली. दादारावांनी त्याला बराच वेळ शोधू दिलं.

“नाई सापडनार,” ते शेवटी म्हणाले. “तिले कोनीतरी सांगतलं, तू नकाशात नाईस. तिनं मानलं.”

गोष्टीची सुरुवात धंद्यातूनच झाली होती. जीप भरायला वेळ लागतो, तेवढ्यात एसटी आली की बसलेली सीटं, म्हणजे माणसंही, उठून पळतात. त्यांना धरून ठेवायला दादारावांनी ही नदी काढली. शेवटचं सीट आत बसलं की गोष्ट असेल तिथे थांबायची, अगदी अर्ध्या वाक्यात, आणि चावी फिरायची. गाडी चालवताना ते एक अक्षर बोलत नसत. जीप भरली म्हणजे किती माणसं बसली, हे मात्र विचारू नका. कायद्याचं माप वेगळं आणि धाडचं वेगळं.

पण आम्ही बसणारे त्यांच्याहून बेरकी निघालो. शेवटचं माणूस आत बसेनाच. सिंधूबाई रोज मेथी-कोथिंबीर घेऊन बुलढाण्याला जायच्या. त्या एक पाय जीपमध्ये आणि एक जमिनीवर ठेवून सांगायच्या, “मी अजून बसली नाई. चालू द्या तुमचं.” भाजी सुकायची, कारकुनांना उशीर व्हायचा, लॅबमध्ये डॉक्टर माझी खरडपट्टी काढायचे. तरी दुसऱ्या दिवशी तेच. नवा माणूस यायचा, एक जागा रिकामी असूनही जीप हलत नाही म्हणून वैतागायचा आणि एसटीकडे जायचा. माणसं धरून ठेवायला काढलेली नदी आता माणसं हाकलत होती. दादारावांना ते दिसत होतं. पण आमचं मन मोडणं त्यांच्या जिवावर यायचं.

पुढे बायकांना एसटीत अर्धं तिकीट झालं आणि जीप दुपारपर्यंत भरेना. वाट पाहणं लांबलं तशी गोष्टही लांबली, आणि वाईट वळणाला लागली. कुणा रागावलेल्या माणसानं काठावर उभं राहून भोळवंतीला म्हटलं, तुझी आता कोणाला गरज नाही. तिनं तेही मानलं. ती वाळूत उतरली आणि दिसेनाशी झाली. दादाराव रोज तिथवर यायचे आणि तिथंच अडकायचे.

मला राहवेना. तिला कोणी उलटं का सांगत नाही, असं मी विचारलं.

“सांगनारा भेटला पायजे ना ताई,” ते म्हणाले. “नुसतं गोड बोलून होत नाई. सांगनाऱ्याले सोताले खरं वाटलं पायजे.”

हे ते नदीबद्दल बोलत नव्हते, हे जीपमधल्या सगळ्यांना कळलं. जीप बंद झाली तर भोळवंती कायमची वाळूतच राहणार, ही काळजी प्रत्येकाला होती.

दिवाळीनंतर त्यांनी जीप जालन्याकडच्या कोणाला तरी विकली. एका बाजाराच्या दिवशी ते मला घराच्या ओट्यावर बसलेले दिसले. मी शेवट विचारला. त्यांना तो ठाऊकच नव्हता, सीट भरेपर्यंत सांगत होतो एवढंच ते म्हणाले. पूर्वी बोलायला लागले की थांबत नसत, आता विचारल्याशिवाय बोलत नव्हते. त्यांना तसं पाहून मला फार वाईट वाटलं.

यंदाच्या थंडीत डोळे दाखवायला ते बुलढाण्याला निघाले, एसटीनं. मी शेजारी जागा करून दिली. कंडक्टर कुठेतरी गेला होता आणि गाडी उभीच होती. मागच्या बाकावर सिंधूबाई कॉलेजच्या पोरींना काहीतरी सांगत होत्या. दादाराव पुढे बसलेत हे त्यांना माहीत नव्हतं. दोन वाक्यांत माझ्या लक्षात आलं की ती भोळवंती होती. मी हाक मारणार, तोच दादारावांनी माझा हात दाबला.

सिंधूबाईंच्या गोष्टीत नावाड्याची म्हातारी कोरड्या वाळूत जाऊन बसली होती. तिनं नदीची आरती ओवाळली नाही की नवस बोलला नाही.

“थे म्हने, तुह्या पान्यावर माह्या पोरी मोठ्या झाल्या. तुह्यापाशी रडून मी घरी हासत गेली. तू नसती तं मी कोनापाशी रडली असती?”

सिंधूबाई दम घ्यायला थांबल्या. दादाराव मागे वळले.

“मंग?” त्यांनी विचारलं.

सिंधूबाई गडबडल्या. पदर सावरून म्हणाल्या, “दादाराव भाऊ, तुमचीच व्हय थे नदी. तुमीच सांगा पुढं.”

“मले एथून पुढचं ठाऊक नाई,” दादाराव म्हणाले. “तू सांग.”

तेवढ्यात कंडक्टर आला, त्यानं बेल दिली आणि गाडी सुटली. सिंधूबाई थांबल्या नाहीत. दादाराव सीटच्या पाठीला धरून मागे तोंड करूनच बसले होते, आणि त्या सांगत होत्या, आधी म्हातारीच्या पायाखालची वाळू ओली झाली.